खड्डा, आदेश आणि अवमान

मुंबई उच्च न्यायालयातील २०१३ ची ७१ क्रमांकाची जनहित याचिका कोणा नागरिकाने दाखल केलेली नाही. न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी शहरातील रस्त्यांच्या दुरवस्थेबद्दल मुख्य न्यायमूर्तींना पत्र लिहिले आणि न्यायालयाने त्या पत्राचीच स्वतःहून याचिका करून घेतली. २०१८ मध्ये न्यायमूर्ती अभय ओक आणि रियाझ छागला यांच्या खंडपीठाने तिच्यावर निकाल दिला. सुस्थितीतील रस्ता हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असे त्यात म्हटले होते. डोंगरी भागातील लोकांना रस्ता मिळणे हे जगण्याच्या हक्कात मोडते, हे सर्वोच्च न्यायालयाने हिमाचल प्रदेशच्या एका प्रकरणात १९८६ सालीच मान्य केले होते. मुंबईच्या निकालाने त्यापुढे जाऊन महापालिकांना रस्ते नीट राखण्याचे आणि खड्ड्यांच्या तक्रारींसाठी यंत्रणा उभारण्याचे आदेश दिले.

खड्डे पडतच राहिले, तेव्हा एका वकील महिलेने अवमान याचिका दाखल केली. खरी अडचण सुरू झाली ती इथे.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार आदेश मोडला एवढे दाखवून भागत नाही. तो हेतुपुरस्सर मोडला हे सिद्ध करावे लागते. शिक्षा आहे जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या साध्या कैदेची किंवा दोन हजार रुपये दंडाची, अथवा दोन्ही, आणि समाधानकारक माफी मागितल्यास तीही टळू शकते. दोन हजारांत आज साहेबांच्या गाडीची टाकीसुद्धा भरत नाही. पण प्रशासनाला धाक वाटतो तो दंडाचा नव्हे, तर वरिष्ठ अधिकाऱ्याला जातीने न्यायालयात उभे राहावे लागण्याचा. ऑगस्ट २०२३ मध्ये मुंबई, ठाणे, नवी मुंबई, कल्याण-डोंबिवली, वसई-विरार आणि मीरा-भाईंदर या सहा महापालिकांच्या आयुक्तांना तसे हजर राहावे लागले.

एखादा नेहमीचा खड्डा घ्या. त्यात कोल्ड मिक्स (न तापवता वापरायचे डांबर-खडीचे मिश्रण) टाकले, वरून दाबले आणि छायाचित्र काढले की कागदोपत्री तो बुजला. दोन जोरदार सरींनंतर खडी रस्त्यावर पसरते आणि दुचाकीचे चाक त्याच जागी आपटते. खड्डा बुजवल्याचे महापालिकेचे न्यायालयातील प्रतिज्ञापत्र खोटे ठरत नाही, कारण त्या दिवशी खड्डा खरोखर भरलेला होता. शिवाय रस्ता नेमका कोणाचा, हा प्रश्न असतोच: पूर्व आणि पश्चिम द्रुतगती महामार्ग २०२२ पर्यंत एमएमआरडीएकडे (मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरण) होते, त्यामुळे त्यांवरील खड्ड्यासाठी महापालिकेला जाब विचारणे सोपे नव्हते. 'रस्ते सुस्थितीत ठेवा' एवढ्याच आदेशाला ना तारीख असते, ना मोजमाप. असा आदेश हेतुपुरस्सर मोडल्याचे सिद्ध करणे म्हणूनच जवळजवळ अशक्य होते. आमच्या मते या प्रकरणाचे दुखणे अधिकाऱ्यांच्या बेफिकिरीइतकेच आदेशाच्या या शब्दरचनेतही होते.

१३ ऑक्टोबर २०२५ रोजी न्यायमूर्ती रेवती मोहिते डेरे आणि संदेश पाटील यांच्या खंडपीठाने याच जुन्या याचिकेत घड्याळ लावले. खड्डा निदर्शनास आल्यापासून अठ्ठेचाळीस तासांत बुजवायचा. खड्ड्यामुळे किंवा उघड्या मॅनहोलमुळे मृत्यू झाल्यास वारसांना सहा लाख रुपये, जखमींना पन्नास हजार ते अडीच लाख रुपये द्यायचे. आणि ही रक्कम दोषी अभियंता, अधिकारी किंवा कंत्राटदाराकडून वसूल करायची, असे त्या आदेशात स्पष्ट आहे. भरपाई सहा ते आठ आठवड्यांत न दिल्यास जबाबदारी आयुक्तांसारख्या प्रमुख अधिकाऱ्यांवर व्यक्तिशः येते. त्यामुळे यापुढे अवमानाची तक्रार घेऊन येणाऱ्या याचिकाकर्त्याला कोणाच्या मनातला हेतू शोधण्याआधी दोन तारखा दाखवता येतील: खड्डा कळवल्याची आणि तो बुजवल्याची.