नाना फडणवीसांच्या गावची कासवं

नमस्कार मंडळी. सातारा, वाई, कराड, सांगली, जिथून कुठून ऐकताय तिथल्या सगळ्यांना नमस्कार.

आज कोकण किनाऱ्याबद्दल बोलायचंय, पण गणपतीपुळ्याचं दर्शन, संध्याकाळी मासे आणि दुसऱ्या दिवशी परत, हे जे कोकण आपण दरवर्षी करतो ना, ते नाही. मला सांगायचंय ते फेब्रुवारी-मार्चमधल्या किनाऱ्याबद्दल, कारण त्या दिवसांत तिथं जे घडतं ते बघायला लोक कुठून कुठून येतात आणि आपण घाट उतरलो की पोचतो, तरी आपल्यातल्या कितीतरी लोकांनी ते पाहिलेलंच नाही.

वाईजवळच्या मेणवलीचा नाना फडणवीसांचा वाडा आणि तिथला घाट सगळ्यांनी बघितला असेल. नानांचा जन्म साताऱ्यातला, 1742 चा, पण त्यांचं मूळ गाव वेळास, मंडणगड तालुक्यात, बाणकोटच्या जवळ, अगदी समुद्राला लागून. साताऱ्याहून महाबळेश्वर, आंबेनळी घाट, पोलादपूर करत जाता येतं. या वेळासच्या वाळूत ऑलिव्ह रिडले जातीची समुद्री कासवं अंडी घालायला येतात. मादी रात्री किनाऱ्यावर चढते, मागच्या पायांनी वाळूत दीडएक फूट खड्डा करते, शंभर-सव्वाशे अंडी घालते, टेबल टेनिसच्या बॉलएवढी पांढरी, आणि वर वाळू नीट दाबून परत समुद्रात निघून जाते, पिल्लांकडं बघायला काही ती परत येत नाही. पुढचे पन्नासएक दिवस ती अंडी वाळूच्या उबेवरच वाढतात. आणि बघा, पिल्लू नर होणार का मादी हेसुद्धा ती वाळूच ठरवते, जास्त तापली तर माद्या, थंड राहिली तर नर.

पूर्वी ही अंडी राहायचीच नाहीत. कुत्री उकरायची, कोल्हे खायचे आणि माणसंही काढून न्यायची, खायला नाहीतर विकायला. 2002 मध्ये चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेनं, भाऊ काटदरे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, वेळासमध्ये गावकऱ्यांना बरोबर घेऊन काम सुरू केलं. पहाटे किनारा चालायचा, मादीच्या पायांचा माग बघून घरटं शोधायचं, अंडी अलगद काढून कुंपण केलेल्या जागेत तेवढ्याच खोलीवर पुरायची आणि पिल्लं वर आली की पाण्याजवळ सोडायची. हे काम करणाऱ्यांना तिकडं कासवमित्र म्हणतात. मग कासव महोत्सव सुरू झाला, लोक यायला लागले, घरोघरी राहायची-जेवायची सोय झाली आणि अंडी राखली तर चार पैसे गावातच राहतात हे सगळ्यांना दिसलं. मला तर यातली हीच गोष्ट सगळ्यात मोठी वाटते, कारण नुसत्या कायद्यानं हे झालं नसतं, वन्यजीव संरक्षणाचा कायदा तर 1972 पासून होताच की.

आता आंजर्ले, गुहागर अशा कितीतरी किनाऱ्यांवर हे काम चालतं, वनविभाग आणि खारफुटीचं जंगल जपणारं सरकारी कांदळवन प्रतिष्ठानही त्यात आहे. मच्छीमारांचंही सांगायला पाहिजे, जाळ्यात कासव अडकलं आणि त्याला सोडवायला जाळं कापावं लागलं तर सरकारकडून 25 हजारांपर्यंत भरपाई मिळते, त्यामुळं कितीतरी कासवं जिवंत परत गेलीत. 2022 मध्ये काही माद्यांच्या पाठीवर सॅटेलाईट ट्रान्समीटर बसवले, पहिलीचं नाव ठेवलं प्रथमा. पुढच्या वर्षी गुहागरहून सोडलेली बागेश्री तर श्रीलंकेला वळसा घालून बंगालच्या उपसागरात गेली. आणि 2021 ला ओडिशात ओळखीचा टॅग लावलेली एक मादी 2025 च्या जानेवारीत गुहागरला अंडी घालायला आली, साडेतीन हजार किलोमीटर कापून! ओडिशाची कासवं वेगळी, आपली वेगळी असं समजायचे लोक, ते आता परत तपासावं लागतंय.

सांगलीकरांसाठी अजून एक. भिलवडी, औदुंबरच्या कृष्णेतली मगर तुम्हाला काही नवीन नाही, पण तिच्या भीतीनं आपण तिच्याकडं कधी निवांत बघितलेलं नसतं. चिपळूणजवळ वाशिष्ठीच्या खाडीत थंडीच्या दिवसांत मगरी चिखलावर ऊन खात पडलेल्या असतात आणि बोटीतून त्या लांबून शांतपणे बघता येतात. आणि त्या वाशिष्ठीत पाणी कुठलं येतं, तर आपल्या कोयनेचं! कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयाचं पाणी बोगद्यातून खाली पोफळीला उतरतं, वीज करतं आणि वाशिष्ठीला मिळतं, वर्षाला साडेसदुसष्ट टीएमसीपर्यंत. कुंभार्ली घाट उतरताना पोरांना हे नक्की सांगा, पाटणकडच्या डोंगरात पडलेला पाऊस दाभोळच्या खाडीतनं समुद्रात जातो म्हणून.

आता जाणार असाल तर काही गोष्टी. आधी गावात फोन करून विचारा, कारण पिल्लं कधी वर येतील हे तारखेनं ठरत नाही, सोडायची वेळ असते सकाळी लवकर आणि संध्याकाळी, आणि एखाद्या वेळेला एकही पिल्लू येत नाही, तेव्हा दोन वेळा बघता येईल असा मुक्काम ठेवा. रात्री किनाऱ्यावर टॉर्च, गाडीचे लाईट, मोबाईलचा फ्लॅश काही नको, पिल्लं उजेडाच्या दिशेनं जातात आणि समुद्र सोडून भलतीकडंच भरकटतात. पिल्लू हातात घेऊन फोटो तर अजिबात नको, त्याला पाण्यापर्यंत स्वतः चालू द्या, कितीही वेळ लागू दे. वाळूवर गाडी घालू नका, खाली घरटं असू शकतं आणि वरून काही कळत नाही. हर्णै-मुरुडकडं डॉल्फिन बघायला बोटीत बसलात तर बोटवाल्या दादांना आधीच सांगा, पाठलाग करू नका, इंजिन बंद करून थांबू, आम्हाला घाई नाही. गिऱ्हाईकच असं म्हणालं की ते आनंदानं ऐकतात. आणि राहायचं ते गावातल्याच कुणाच्या घरी राहा, तेवढं नक्की करा.