खेचरांची वाट असलेला पूल

श्रोतेहो, नमस्कार. नदीवरून गाडी नेणारे पूल आपण रोज पाहतो. आज अमेरिकेतल्या ज्या पुलाबद्दल बोलायचं आहे, त्या डेलावेअर जलसेतूवरून नावा जायच्या. खाली डेलावेअर नदी, वर लाकडी पन्हळीत भरलेला कालवा, आणि पन्हळीच्या दोन्ही कडांना खेचरांच्या वाटा. खेचरं दोर ओढत पुढे चालणार, मागून कोळशाने भरलेली नाव येणार.

पेनसिल्व्हेनियातला दगडी कोळसा न्यूयॉर्ककडे नेण्यासाठी १८२८ मध्ये हा १०८ मैलांचा डेलावेअर-हडसन कालवा सुरू झाला. वाटेत डेलावेअर आडवी. तिथे धरणाने पाणी तुंबवून दोराच्या आधाराने नावा पलीकडे नेत. पण त्याच नदीतून इमारती लाकडांचे मोठाले तराफे खाली येत, तेही पुराच्या जोरावर. तराफेवाल्यांना धरण अडचणीचं, नाववाल्यांना तराफे. टकरा, भांडणं, खोळंबा! अखेर कालव्यालाच नदीच्या डोक्यावरून नेण्याचं ठरलं.

हे काम मिळालं जर्मनीहून आलेल्या जॉन रोब्लिंग यांना. ते लोखंडी तारांचे दोर बनवत. अशा दोरांवर टांगलेल्या झुलत्या पुलाला नदीत खांब कमी लागतात, त्यामुळे तराफ्यांना आणि हिवाळ्यानंतर वाहून येणाऱ्या बर्फाला मोकळी वाट मिळते, हा त्यांचा मुद्दा पटला. १८४७-४८ मध्ये पूल उभा राहिला : ५३५ फूट लांब, नदीत तीनच खांब, दोन मुख्य दोर. एकेक दोर साडेआठ इंच जाडीचा, त्यात २,१५० तारा.

आता मला सर्वांत आवडणारी गंमत. टनावारी कोळशाची नाव आली की पुलावरचा भार वाढत असेल, असं वाटतं ना? नाही वाढत. तरंगणारी नाव आपल्या वजनाइतकंच पाणी बाजूला सारते. घंगाळात तांब्या तरंगत सोडा, पाणी काठोकाठ असेल तर तांब्याच्या वजनाइतकं पाणी बाहेर सांडेल आणि घंगाळाचं एकूण वजन तेवढंच राहील. रिकामी नाव, भरलेली नाव, पुलाला सारखीच! भार होता तो पाण्याचा, तो मात्र कायमचा.

पुढे याच रोब्लिंगनी न्यूयॉर्कच्या प्रसिद्ध ब्रुकलिन पुलाचा आराखडा केला. त्याच्या आखणीदरम्यान अपघात होऊन १८६९ मध्ये ते गेले. तो पूल मुलाने आणि सुनेने पुरा केला, १८८३ मध्ये.

इकडे रेल्वेपुढे कालवा टिकला नाही. १८९८ मध्ये तो बंद पडला. पन्हळीतलं पाणी गेलं, खेचरांच्या वाटाही काढल्या गेल्या, आणि एका लाकूड व्यापाऱ्याने तिथे टोल घेऊन गाड्या सोडल्या. १९८० मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यान खात्याने हा पूल विकत घेतला आणि पुढे जुन्या रूपात बांधून काढला. मुख्य दोर मात्र बदलावे लागले नाहीत, ते रोब्लिंगचेच आहेत. १९९५ मध्ये कडांच्या वाटाही पुन्हा घातल्या. आता पाण्याच्या जागी मोटारी जातात, एका वेळी एकच रांग, आणि खेचरांच्या वाटेवरून माणसं नदी बघत चालतात.