बर्लिनच्या फुटपाथवरचं पितळ

नमस्कार मंडळी! मागच्या व्हिडिओखाली एकच प्रश्न सारखा येतोय, की हिटलरने केलं ते केलं, आजच्या साध्या जर्मन माणसाने त्याचं ओझं का वाहायचं?

साठ लाख ज्यू मारले, छळछावण्या, हे तुम्हाला माहितीये, त्यात वेळ नाही घालवत. मला दाखवायचाय हा दगड, आमच्या बिल्डिंगच्या दारातच आहे. श्टॉल्परश्टाइन, म्हणजे ठेच लागायचा दगड. दहा बाय दहा सेंटिमीटर, वर पितळी पत्रा, त्यावर 'इथे राहत होते', मग नाव, जन्मवर्ष, कधी नेलं, कुठे मारलं. गुंटर डेमनिग या कलाकाराने 1992 मध्ये कोलोनला सुरुवात केली, 2023 मध्ये एक लाखावा दगड बसला.

आता नीट ऐका. हे सरकारने उभारलेलं स्मारक नाहीये! परवानगी पालिकेची, पण पैसे गल्लीतल्या लोकांचे, शाळेतल्या पोरांचे, नातेवाइकांचे. जुने कागद उपसून नाव शोधतात तेही बऱ्याचदा शेजारीच. 1970 मध्ये पोलंडच्या वॉर्सात, मारलेल्या ज्यूंच्या स्मारकासमोर, विली ब्रांटने गुडघे टेकले, मोठीच गोष्ट होती ती, पण तो पश्चिम जर्मनीचा चान्सलर, म्हणजे सरकारप्रमुख होता. इथे गुडघे टेकतात आमच्या शेजारच्या आजी.

9 नोव्हेंबरला, म्हणजे 1938 मध्ये ज्यूंची दुकानं फोडली, सिनेगॉग, म्हणजे त्यांची प्रार्थनास्थळं, जाळली त्या तारखेला, लोक हे दगड घासायला बाहेर पडतात. आपण दिवाळीला समई घासतो ना तसंच, फडकं आणि पॉलिश, कारण पितळ काळं पडतं. गेल्या वर्षी आजी थंडीत खाली बसून घासत होत्या, जन्म युद्धानंतरचा, म्हणजे त्यांनी कुणाचं काहीच केलेलं नाही. मी विचारलं, तुम्ही का? म्हणाल्या, "ते तिसऱ्या मजल्यावर राहायचे. आता तिथे मी राहते."

बस, तुमच्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापाशी एवढंच आहे. दोष त्यांचा नाही, पण पत्ता तोच आहे ना!

एका ताईंनी लिहिलंय, नावावर पाय पडतो, कसंतरीच वाटतं. मलाही वाटायचं, आपल्याकडे पुस्तकाला पाय लागला तरी नमस्कार करतो आपण. म्युनिकमध्ये याच कारणावरून वाद झाला, तिथे सार्वजनिक रस्त्यावर हे दगड बसवू देत नाहीत, भिंतीवर पाट्या लावतात. दुसरी बाजू अशी, की जमिनीवरचं नाव वाचायला माणसाला वाकावं लागतं.

मीही त्या दिवशी वाकले, आजींच्या हातातलं फडकं घेतलं. चार दगड होते, शेवटचा काळा पडलेला, घासल्यावर आधी आकडे दिसले. जन्म 1936. ऑशविट्झ 1943.