डावखुऱ्याने उजव्यांना काय शिकवलं: माथियास बो, खेळाडू आणि प्रशिक्षक

आधी एक हिशेब मांडू. आंतरराष्ट्रीय बॅडमिंटन सामन्यात प्रशिक्षकाला कोर्टावर पाऊल टाकायला वेळ किती मिळतो? गेममध्ये कुणाचेही ११ गुण झाले की ६० सेकंदांची विश्रांती. दोन गेमच्या मध्ये १२० सेकंद. सामना तिसऱ्या गेमपर्यंत लांबला तर सगळे मिळून सात मिनिटं, आणि त्यातही पंचांनी शेवटच्या २० सेकंदांचा पुकारा केला की निमूटपणे परत खुर्चीत. खुर्चीतून बोलता येतं, पण शटल थांबलेलं असतानाच. दुहेरीत रॅली भराभर संपतात, त्यामुळे ती सवडही एखाद्या वाक्यापुरतीच. सात मिनिटांत कुणाला स्मॅश शिकवता येत नाही. तेव्हा प्रशिक्षकाचं खरं काम सामन्याआधीच्या महिन्यांत झालेलं असतं, आणि ते नेमकं काय होतं हे आज बघायचं आहे. त्यासाठी माणूस निवडलाय माथियास बो. त्याचं नाव आपल्याकडे शोधलं जातं ते बरेचदा अभिनेत्री तापसी पन्नूशी झालेल्या लग्नामुळे. तो विषय आज बाजूला.

बो १९८० चा, डेन्मार्कमधल्या फ्रेडरिकसुंडचा. डावखुरा. त्याचा जोडीदार कार्स्टन मोगेनसेन उजवा. या जोडीने २०११ मध्ये ऑल इंग्लंड ही बॅडमिंटनमधली मानाची स्पर्धा जिंकली, अंतिम फेरीत मलेशियाच्या कू किएन किएट आणि तान बून हिओंग यांना पहिला गेम गमावल्यावर हरवून. २०१५ मध्ये चीनच्या फू हाइफंग आणि झांग नान यांना सरळ गेममध्ये हरवून पुन्हा तेच विजेतेपद मिळवलं, तेव्हा बो ३४ वर्षांचा होता. मधे २०१२ चं लंडन ऑलिम्पिक. उपांत्य फेरीत कोरियाच्या जुंग जे-सुंग आणि ली योंग-डे यांच्याविरुद्ध १७-२१, २१-१८, २२-२०. अंतिम फेरीत काई युन आणि फू हाइफंग यांनी १६-२१, १५-२१ असं गुंडाळलं. पण ते रौप्य पुरुष दुहेरीतलं युरोपचं पहिलं ऑलिम्पिक पदक. २०१३ च्या ग्वांगझूच्या जागतिक स्पर्धेतही रौप्यच. २०१६ च्या सुरुवातीला मोगेनसेनच्या मेंदूत रक्तस्राव झाला. तो सावरून परतला, रिओ ऑलिम्पिकमध्ये जोडी गटातच बाद झाली, आणि २०१७ मध्ये घरच्या प्रेक्षकांसमोर, कोल्डिंगला, दोघं युरोपचे विजेते झाले. पुढे बो माड्स कॉनराड-पीटरसनबरोबर खेळला आणि २०२० मध्ये थांबला.

आता या जोडीची भूमिती. डावा-उजवा असण्याचा फायदा सगळे सांगतात, पण तो नेमका कुठे असतो ते बघू. दोघं योग्य बाजूंना असतील, तर समोरच्यांनी मागे उजव्या कोपऱ्यात उंच उचललेलं शटल मोगेनसेनचा फोरहँड, डाव्या कोपऱ्यात उचललेलं बोचा फोरहँड. डोक्यावरून वळून मारण्याची वेळच कमी येते. दोन उजव्या खेळाडूंच्या जोडीत मागचा डावा कोपरा हे कायमचं दुखणं. तिथे शरीर डावीकडे झुकतं, डाव्या पायावर उतरावं लागतं आणि मध्ये परतायला उशीर होतो. समोरचे तिथेच शटल उचलत राहतात.

बचावात दुसरी गंमत. स्मॅश मारणाऱ्याला उजव्या खेळाडूची उजवी काख आणि उजवा नितंब ही आवडती जागा, कारण तिथे रॅकेट आणायला कोपर अडखळतं. डावखुऱ्याची हीच जागा डावीकडे. त्यात जोडी फिरत असते, त्यामुळे मारणाऱ्याला दर वेळी समोर कोण आहे ते बघून नेम बदलावा लागतो. तोटाही आहे. डावखुरा उजव्या अर्ध्यात आणि उजवा डाव्या अर्ध्यात आला, की मधल्या पट्ट्यात दोघांचेही फोरहँड येतात आणि रॅकेटवर रॅकेट आपटते. त्यावरचा नियम जुनाच: स्मॅश मारणाऱ्याच्या सरळ समोर जो आहे त्याने कडेची रेषा सांभाळायची, तिरक्या बाजूच्याने मधलं घ्यायचं. आणि सर्व्हिसला तर आपली बाजू गुणसंख्या ठरवते, सम असेल तर उजवीकडून, विषम तर डावीकडून. म्हणजे निम्म्या वेळा जोडी चुकीच्या बाजूंनी सुरू होते आणि पहिल्या दोन-तीन फटक्यांत तिला सरकून जागेवर यावं लागतं. बो-मोगेनसेन हे इतक्या सहज करायचे की सामना बघताना ते लक्षातही यायचं नाही.

बो याला वारशात देता येईल असं सगळ्यात मोठं हत्यार म्हणजे ही भूमिती. आणि तीच त्याला पुढे देता येणार नव्हती. २०२१ मध्ये तो भारताच्या दुहेरीचा प्रशिक्षक झाला तेव्हा समोर होते सात्विकसाईराज रंकीरेड्डी आणि चिराग शेट्टी. दोघंही उजवे, दोघंही उंचपुरे, दोघंही मागून दणके मारण्यात खूश. सात्विक आंध्रातल्या अमलापुरमचा, चिराग आपल्या मुंबईचा, गोरेगावच्या उदय पवार अकादमीत घडलेला. प्रीमियर बॅडमिंटन लीगमध्ये पुण्याच्या संघात चिराग आणि बो एकत्र होते, त्यामुळे ओळख नवी नव्हती. जोडी म्हणून या दोघांना एकत्र आणलं होतं मलेशियाच्या तान किम हर यांनी, २०१६ मध्ये. त्यांच्या पाठोपाठ इंडोनेशियाचे फ्लँडी लिंपेले आले. बो आला तेव्हा टोकियो ऑलिम्पिक काही महिन्यांवर होतं.

टोकियोच्या गटातले आकडे जरा बारकाईने बघा. भारतीय जोडीने तैवानच्या ली यांग आणि वांग ची-लिन यांना २१-१६, १६-२१, २७-२५ असं हरवलं. इंडोनेशियाच्या गिडिऑन आणि सुकामुल्जोकडून १३-२१, १२-२१ असा मार खाल्ला. इंग्लंडच्या लेन आणि वेंडी यांना सरळ गेममध्ये हरवलं. तीन जोड्यांचे दोन-दोन विजय. मग गेमचा फरक काढला, म्हणजे जिंकलेल्या गेममधून गमावलेले वजा: इंडोनेशिया अधिक ३, तैवान अधिक २, भारत अधिक १. भारत बाहेर. तैवानविरुद्धचा तो १६-२१ चा एक गेम जिंकला असता, तर भारत अधिक २ आणि तैवान अधिक १ झाले असते. तैवानची ती जोडी पुढे सुवर्णपदक घेऊन गेली.

पण जास्त बोलका आहे तो गिडिऑन-सुकामुल्जोविरुद्धचा सामना. दोघंही बुटके, झपाट्याचे, आणि शटल वर उचलायचंच नाही असा त्यांचा खेळ. शटल उचललंच नाही तर सात्विकचा स्मॅश येणार कुठून? त्याचा ताशी ५६५ किलोमीटरचा विक्रम जपानमध्ये चाचणीसाठी मांडलेल्या कोर्टावर, कुणीतरी नीट उचलून दिलेल्या शटलवर झालाय. सामन्यात ते उचलून घ्यावं लागतं, आणि ते ठरतं पहिल्या चार फटक्यांत: सर्व्हिस, परतीचा फटका, तिसरा, चौथा. डेन्मार्कच्या दुहेरीचा सगळा जीव या चार फटक्यांत आहे.

सर्व्हिसपासून बघू. २०१८ पासून नियम असा की फटक्याच्या क्षणी संपूर्ण शटल जमिनीपासून १.१५ मीटरच्या खाली हवं. नेट मध्यभागी १.५२४ मीटर. म्हणजे शटलला निदान ३७ सेंटिमीटर चढून, नेट ओलांडून, नेटपासून १.९८ मीटरवरच्या आखूड रेषेच्या (सर्व्हिस हिच्या पलीकडे पडावी लागते) जरा पलीकडे उतरायचंय. चढण्याचं टोक नेटच्या आपल्या बाजूला यायला हवं, म्हणजे नेटवर शटल आधीच उतरायला लागलेलं असतं. टोक नेटच्या पलीकडे गेलं की समोरचा पुढे झेपावून ठोकणार. उंच खेळाडूची पंचाईत अशी की १.१५ मीटर त्याच्या जेमतेम पोटाशी येतात. तो गुडघे वाकवत नाही, नुसते हात खाली नेतो, मनगट लुळं पडतं आणि शटल वर ढकललं जातं. उपाय साधा आणि कंटाळवाणा: पाय आधी बसवा, कोपर स्थिर ठेवा, अंगठ्याने आतल्या आत दाबा, झोका जेमतेम वीतभर. सरावाला नेटच्या वर दहा-पंधरा सेंटिमीटरवर दोरी बांधायची आणि शटल मधल्या फटीतून काढायचं. दमल्यावरही काढायचं, कारण १९-१९ ला तुम्ही दमलेलेच असता.

बहुतेकांची चूक सर्व्हिस केल्यानंतर होते. शटल सुटलं की रॅकेट खाली लोंबकळते आणि माणूस आपल्या सर्व्हिसचं कौतुक बघत उभा राहतो. शटल नेट ओलांडायच्या आत रॅकेटचं डोकं नेटच्या पट्टीच्या उंचीवर हवं. तिसरा फटका त्याच्यावरच येतो. परतीच्या फटक्यात उलटं. आखूड रेषेच्या अगदी मागे, एक पाय पुढे, रॅकेट वर धरून उभं राहायचं आणि शटल जितक्या पुढे घेता येईल तितकं घ्यायचं. जोरात मारायची गरज नसते. मध्यकोर्टात, पुढच्या आणि मागच्या खेळाडूच्या मधल्या पट्ट्यात नुसतं ढकललं, तर दोघंही एकमेकांकडे बघतात आणि शटल वर येतं. ते आलं की मागे सात्विक आहेच.

बोच्या काळात या जोडीत डोळ्यांत भरणारा बदल मात्र बचावातला. उंच माणसाचा बचाव कच्चा असतो, कारण गुरुत्वमध्य वर आणि अंगावर आलेलं शटल काढायला जागा कमी. इथे मेहनत पायांची. उभं राहणं रुंद, वजन चवड्यांवर, रॅकेट कमरेच्या पुढे बॅकहँडच्या पकडीत, फटका शरीराच्या पुढे. खूप मागे उभं राहिलं की वेळ मिळाल्यासारखा वाटतो, पण शटल पायाशी येतं आणि उचलण्याशिवाय पर्याय उरत नाही. अर्धं पाऊल पुढे गेलं तर तोच स्मॅश कमरेच्या उंचीवर मिळतो आणि तो सपाट परत मारता येतो. सराव तीन विरुद्ध दोन: पलीकडे तिघं मारणार, अलीकडे दोघं बचाव करणार, आणि सारखं उचलून सुटका करून घ्यायची नाही, तीन-चार फटक्यांत खेळ सपाट करून पुढे सरकायचं. दुसऱ्याच मिनिटाला झोका मोठा होऊ लागतो. त्या क्षणी थांबवायचं. दमलेल्या हाताला मोठा झोका पाठ झाला तर महिनाभर तो सुटत नाही.

निकाल बघा. मे २०२२, बँकॉक, थॉमस चषकाची, म्हणजे पुरुष संघांच्या जागतिक स्पर्धेची, अंतिम फेरी. अहसान आणि सुकामुल्जोविरुद्ध पहिला गेम गेला. दुसऱ्यात चार मॅच पॉइंट वाचवून तो २३-२१ घेतला, तिसरा २१-१९. भारताने इंडोनेशियाला ३-० हरवून चषक पहिल्यांदा घरी आणला. त्याच वर्षी राष्ट्रकुल सुवर्ण आणि जागतिक स्पर्धेत कांस्य. २०२३ मध्ये दुबईला आशियाई अजिंक्यपद, जूनमध्ये जकार्ताला इंडोनेशिया ओपन, ऑक्टोबरमध्ये हांगझूला आशियाई क्रीडा सुवर्ण, आणि तीनच दिवसांत जागतिक क्रमवारीत पहिला क्रमांक.

यातला जकार्ताचा सामना मी सगळ्यात वर ठेवीन. समोर मलेशियाचे आरोन चिया आणि सोह वूई यिक, ज्यांच्याकडून ही जोडी आधी आठच्या आठ सामने हरली होती. तो २१-१७, २१-१८ असा सरळ जिंकला. आठ वेळा हरलेल्या जोडीला ६० सेकंदांच्या विश्रांतीत सांगायचं काय? अनुभवी प्रशिक्षक तिथे तंत्राचा तास घेत नाहीत. पहिले पंधरा सेकंद घाम पुसणं आणि पाणी. मग एकच गोष्ट सर्व्हिसबद्दल, एकच परतीबद्दल: कुणाला आखूड सर्व्हिस, कुणाला फ्लिक (डोक्यावरून मागे उडवलेली), दोघांपैकी कुणाला पुढे ओढायचं. तिसरी गोष्ट सांगितली की पहिली विसरली जाते. बोचा आवाज चढलेलाही कॅमेऱ्याने टिपलाय, पण शब्द थोडेच असायचे.

२०२४ चं पॅरिस ऑलिम्पिक. गटात इंडोनेशियाच्या अल्फियान आणि अर्दिआंतो यांना २१-१३, २१-१३ असं धुतलं. १ ऑगस्टला उपांत्यपूर्व फेरीत पुन्हा चिया आणि सोह. पहिला गेम २१-१३ असा भारताचा, पुढचे दोन १४-२१, १६-२१ असे गेले. दुसऱ्या दिवशी बोने प्रशिक्षण थांबवत असल्याचं जाहीर केलं.

नंतर तान किम हर परत आले. ऑगस्ट २०२५ मध्ये जागतिक स्पर्धा पॅरिसलाच, त्याच हॉलमध्ये झाली. उपांत्यपूर्व फेरीत समोर पुन्हा तेच चिया आणि सोह. या वेळी २१-१२, २१-१९ असे दोनच गेम पुरले, आणि कांस्य नक्की झालं.