युद्ध ऐकताना

श्रोतेहो, नमस्कार.

युद्धाची चित्रं आपल्यापुढे रोज येत असतात. पडलेल्या इमारती, धुराचे लोट, आकाशातून खाली येणारी ठिणगी. आज मी तुम्हाला यातलं काही दाखवू शकत नाही, कारण रेडिओकडे फक्त आवाज असतो. पण खरं सांगू का, युद्धात सापडलेल्या माणसाकडेही पुष्कळदा तेवढंच असतं. खंदकात अंग चोरून बसलेल्या शिपायाला, तळघरात लेकरांना कुशीत घेऊन बसलेल्या आईला काही दिसत नसतं. ती ऐकत असतात. शस्त्रं बदलत गेली तसं या ऐकण्याचं काय झालं, ते आज मला सांगायचं आहे.

आपल्या भाषेत युद्ध सुरू होतं तेच मुळी आवाजानं. रणशिंग फुंकलं जातं, नगाऱ्यावर टिपरी पडते. जुन्या रणांगणात हे आवाज माणसांनी माणसांसाठी काढलेले होते. पुढे सरा, थांबा, मागे फिरा, हे सगळं कानानं कळायचं. बंदुका आल्या, काळ्या दारूचा धूर पसरू लागला आणि दहा पावलांवरचं दिसेनासं झालं, तेव्हा तर कान हाच आधार उरला. पण निदान जिथून धूर निघाला तिथे शत्रू आहे, एवढं तरी समजत होतं.

१८८४ मध्ये पॉल व्येय या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञानं बिनधुराची दारू तयार केली आणि तीही खूण पुसली गेली. १८९९ ते १९०२ या काळात दक्षिण आफ्रिकेत बोअर लोकांशी लढणाऱ्या ब्रिटिश शिपायांपुढे मैलभर मोकळं माळरान असायचं आणि त्या रिकाम्या माळावरून गोळ्या यायच्या. या नव्या बंदुकीची गोळी आवाजापेक्षा वेगवान होती. त्यामुळे एका गोळीचे दोन आवाज होतात. आधी डोक्यावरून जाताना चाबूक फुटल्यासारखा कडाका, आणि मग दुरून बंदुकीचा दबका बार. मुरलेले शिपाई या दोहोंमधलं अंतर मोजून शत्रू किती लांब आहे ते सांगतात. मात्र नेम बरोबर बसला तर हे मोजायला कुणी उरत नाही. गोळी आवाजाच्या आधी पोचलेली असते.

आता पहिल्या महायुद्धाकडे येतो, आणि इथे थोडा थांबणार आहे.

जून १९१६. फ्रान्समधल्या सोम नदीच्या परिसरात ब्रिटिश तोफखाना सात दिवस सतत आग ओकत होता. सुमारे १५ लाख गोळे डागले गेले. ती घरघर समुद्रापलीकडे दक्षिण इंग्लंडमध्ये ऐकू येत होती. जर्मन शिपाई जमिनीखाली खोल खोदलेल्या खोल्यांमध्ये बसून होते. झोप नाही, धड अन्न नाही, वरून माती गळते आहे. त्या सात दिवसांत त्यांचा जीव एकाच गोष्टीकडे लागला होता: आवाज थांबतो कधी? कारण आवाज थांबला की हल्ला येणार. १ जुलैला सकाळी साडेसातला तोफांचा मारा त्यांच्या पुढच्या खंदकांवरून मागे सरकला. डोक्यावर शांतता झाली, आणि तीच त्यांची सूचना ठरली. ते मशीनगन घेऊन पायऱ्या चढून वर धावले. समोरून ब्रिटिश शिपाई रांगेनं चालत येत होते. त्या एका दिवसात ५७,४७० ब्रिटिश सैनिक मारले गेले, जखमी झाले किंवा बेपत्ता झाले. त्यांत मृत १९,२४०. इतक्या माणसांचं मरण एका शांततेतून सुरू झालं, हे मी जेव्हा जेव्हा वाचतो तेव्हा पुढचं पान उलटायला वेळ लागतो.

याच युद्धात युरोपच्या चिखलात आपल्याकडचे शिपाईही होते. त्यांची पत्रं सेन्सॉर व्हायची आणि त्यांचे उतारे काढून ठेवले जायचे, म्हणून ती आज वाचता येतात. जानेवारी १९१५ मध्ये इंग्लंडच्या रुग्णालयातून एका जखमी शिपायानं घरी कळवलं की हे युद्ध नव्हेच, हा जगाचा अंत आहे. आपल्या पूर्वजांच्या महाभारतातल्यासारखं हे चाललं आहे. ज्याच्यासाठी कुठलाही शब्द तयार नव्हता, त्यासाठी त्यानं त्याच्याकडचा सर्वांत मोठा शब्द काढला.

त्याच्याच पुढच्या महिन्यात, फेब्रुवारी १९१५ मध्ये, डॉक्टर चार्ल्स मायर्स यांनी एका वैद्यकीय नियतकालिकात तीन शिपायांची हकिगत लिहिली. जवळ गोळे फुटल्यानंतर त्यांची स्मृती, दृष्टी, वास आणि चव यांच्यावर परिणाम झाला होता. चमत्कारिक गोष्ट अशी की कान जवळजवळ शाबूत होते. मायर्स यांनी या आजारासाठी 'शेल शॉक' हे नाव वापरलं आणि ते जगभर गेलं. पुढे त्यांना स्वतःलाच ते खटकू लागलं, कारण अनेक रुग्ण फुटत्या गोळ्याच्या जवळपासही नव्हते. मग आजार शरीराचा की मनाचा, की नुसता भित्रेपणा? सैन्याच्या काही न्यायालयांनी आपलं उत्तर बंदुकीनं दिलं. पळून जाणं, भ्याडपणा अशा आरोपांखाली गोळ्या घातलेल्या ३०६ ब्रिटिश आणि वसाहतींमधल्या सैनिकांना माफी मिळाली ती २००६ मध्ये. नव्वद वर्षं त्यांची घरं तो कलंक वागवत राहिली. हा उशीर मला अक्षम्य वाटतो.

आणि प्रश्न अजून संपलेला नाही. २०१७ मध्ये सीरियातल्या रक्का शहराच्या लढाईत अमेरिकन मरीनच्या एका तोफखाना तुकडीनं पाच महिन्यांत ३५,००० गोळे डागले. गोलंदाज हा शब्द आज आपण खेळापुरता वापरतो, पण मूळ अर्थ तोफ डागणारा. हे गोलंदाज शत्रूपासून मैलोगणती दूर होते. तरी घरी परतल्यावर त्यांच्यातल्या काहींना भीतीचे झटके येऊ लागले, भास होऊ लागले, रात्री झोप लागेना. संशय आहे तो त्यांच्याच तोफेच्या धक्क्यावर. दर वेळी तोफ उडते तेव्हा हवेच्या दाबाची लाट डागणाऱ्याच्याही मेंदूतून जाते, आणि असे हजारो धक्के साठत जातात. म्हणजे मायर्स यांच्यापुढचा प्रश्न शंभर वर्षांनी तोफेच्या दुसऱ्या टोकाला येऊन उभा राहिला. अमेरिकेच्या सर्वाधिक माजी सैनिकांना ज्या व्याधीसाठी भरपाई मिळते तिचं नाव टिनिटस, म्हणजे कानात अखंड वाजणारा आवाज. युद्ध संपतं, ते वाजणं संपत नाही.

कानाचं शस्त्र झालं तेही पहिल्या महायुद्धातच. लॉरेन्स ब्रॅग नावाचा तरुण भौतिकशास्त्रज्ञ आघाडीवर मायक्रोफोनची रांग मांडून शत्रूच्या तोफा शोधण्याच्या खटपटीत होता. १९१५ च्या त्या शरद ऋतूत त्याचा भाऊ तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीच्या मोहिमेत मारला गेला, आणि काही आठवड्यांत बातमी आली की वडिलांबरोबर त्याला नोबेल मिळालं आहे. वय २५. एकाच तोफेचा आवाज सहा मायक्रोफोनना किंचित वेगवेगळ्या क्षणी पोचतो. त्या फरकावरून तोफेची जागा काढायची, ही त्यामागची रीत. अडचण अशी की गोळ्याचा कडाका तोफेचा खोल आवाज बुडवून टाकायचा. टकर नावाच्या एका सहकाऱ्याच्या लक्षात आलं की दूरवर तोफ उडाली की झोपडीच्या भिंतीतल्या भोकांतून गार हवेचा फुंकर तोंडावर येतो. त्यावरून तापलेल्या बारीक तारेचा मायक्रोफोन तयार झाला. तोफेच्या लाटेनं तार गार पडायची, कडाक्याकडे ती फारसं लक्ष द्यायची नाही. गालावरच्या एका झुळुकीतून शेकडो तोफांचे पत्ते सापडले, आणि त्या पत्त्यांवर गोळे गेले. बुद्धीचं कौतुक वाटतं आणि पोटात कालवतं, दोन्ही एकदम.

पुढे विमानं ऐकण्यासाठी इंग्लंडच्या किनाऱ्यावर काँक्रीटचे प्रचंड कान उभारले गेले. डेंज इथली वक्र भिंत तर ६० मीटर लांब. पण विमानांचा वेग वाढत गेला, ऐकल्यानंतर हातात उरणारा वेळ मिनिटामिनिटानं आटत गेला, आणि १९३५ मध्ये रडारचा प्रयोग यशस्वी झाल्यावर त्या भिंती बहिऱ्या होऊन तशाच उभ्या राहिल्या.

१३ जून १९४४ ला लंडनवर जर्मनीचा पहिला व्ही-१ पडला. बिनवैमानिकाचा उडता बॉम्ब. त्याच्या इंजिनाचा फटफट आवाज लांबून येई, डोक्यावर येई, आणि जर तो बंद पडला तर मोजून दहा-बारा सेकंदांची शांतता, मग स्फोट. म्हणून लोक मनातल्या मनात विनवत: वाजत राहा, पुढे जा. पुढे जा म्हणजे दुसऱ्या कुणाच्या तरी घरावर जा. चांगल्या, पापभीरू माणसांच्या तोंडी त्या यंत्रानं ही प्रार्थना घातली. किती इमारती पडल्या ते मोजता येतं. आपण काय मागितलं हे आठवून नंतर ज्यांना झोप आली नसेल, त्यांची नोंद कुठे ठेवणार?

तीन महिन्यांनी, ८ सप्टेंबरला, व्ही-२ आला आणि प्रार्थनेलाही सवड उरली नाही. हा अग्निबाण आवाजाच्या कितीतरी पुढे धावायचा. आधी स्फोट, मग तो येत असल्याची घरघर. ती घरघर ज्याला ऐकू आली तो वाचलेला. भोंगा वाजवायलाही वेळ नव्हता. हे अग्निबाण डोंगराच्या पोटातल्या बोगद्यांत छळछावणीच्या कैद्यांकडून बनवून घेतले जात, आणि ते बनवताना मेलेली माणसं ते पडून मेलेल्यांपेक्षा जास्त होती.

हिरोशिमाच्या वाचलेल्यांनी त्या बॉम्बला 'पिकादोन' म्हटलं. पिका म्हणजे लखलखाट, दोन म्हणजे धडाम. पण जे अगदी जवळ असून वाचले, त्यांच्यापैकी अनेकजण फक्त 'पिका' म्हणत. त्यांच्या आठवणीत आवाजच नव्हता.

ऑक्टोबर २००१ पासून अफगाणिस्तानात शस्त्र लावलेली ड्रोन विमानं वापरात आली. ती चालवणारा हजारो किलोमीटरवर, अमेरिकेतल्या नेवाडाच्या वाळवंटातल्या खोलीत बसलेला. पडद्यावर त्याला माणूस दिसतो, कधीकधी दिवसचे दिवस दिसतो: मुलांबरोबर, अंगणात, वाटेवर. चित्राला आवाज नसतो. हल्ल्यानंतर पडद्यावर माणसं धावत येतात, तोंडं उघडतात, पण ऐकू काही येत नाही. पाळी संपली की तो मोटार काढून घरी जातो. अशा चालकांमध्येही मनाच्या जखमा आढळल्या आहेत. आणि खाली नेमकं उलटं: दिसत काही नाही, आवाज मात्र थांबत नाही. गाझात लोकांनी त्या गुणगुणीवरून ड्रोनला 'झनाना' हे नाव दिलं. यंत्रानं पाहणं एकाला दिलं आणि ऐकणं दुसऱ्याला. दोघांच्या मध्ये हाक जाईल अशी जागाच ठेवली नाही.

युक्रेनमध्ये २०२२ नंतर छोट्या ड्रोननी आघाडीच्या मागचा कित्येक किलोमीटरचा पट्टा व्यापून टाकला. तिथला शिपाई नुसत्या सुरावरून ओळखतो की हे पाहणी करणारं आहे की झडप घालणारं. रात्री शहरांवर येणाऱ्या शाहेद ड्रोनला लोक 'मोपेड' म्हणतात, आवाज तसाच असतो म्हणून. ही ड्रोन इतकी खालून उडतात की रडारला चुकवू शकतात. म्हणून तिथे देशभर खांबांवर हजारो साधे मायक्रोफोन बसवले गेले. त्या आवाजांवरून ड्रोनचा माग नकाशावर उमटतो आणि वाटेतल्या पथकांना कळवला जातो. ब्रॅगची मायक्रोफोनची रांग शंभर वर्षांनी परत आली. या वेळी ती झोपलेल्या शहराच्या उशाशी जागी आहे.

माझ्या मनातून न जाणारा आवाज मात्र रेडिओचाच आहे, तो सांगतो आणि थांबतो. ८ सप्टेंबर १९४१ ते २७ जानेवारी १९४४ रशियातलं लेनिनग्राड शहर जर्मन सैन्याच्या वेढ्यात होतं. घराघरांत भिंतीवर तारेनं जोडलेला काळा कागदी कर्णा असायचा. कार्यक्रम नसताना केंद्र त्यावर मेट्रोनोम लावून ठेवायचं, संगीत शिकणारे ताल धरायला वापरतात तो. संथ टिकटिक म्हणजे आकाश मोकळं. जलद टिकटिक म्हणजे बॉम्ब येत आहेत, खाली जा. पहिल्या हिवाळ्यात दिवा नव्हता, सरपण नव्हतं, पाणी नव्हतं. शेजारच्या खोलीतलं माणूस जिवंत आहे का, हे पाहायला उठण्याचं त्राण अनेकांत उरलं नव्हतं. ती माणसं पांघरुणांच्या ढिगाखाली, अंधारात डोळे मिटून पडून असत आणि भिंतीवरून येणारी ती टिकटिक ऐकत. संथ आहे. अजून संथ आहे.