सेल्माचा पूल

अमेरिकेच्या अलाबामा राज्यातलं सेल्मा शहर. हा तिथला अलाबामा नदीवरचा पूल. कमानीवरचं नाव वाचा: एडमंड पेटस. गुलामगिरीच्या बाजूने लढलेला सेनानी.

7 मार्च 1965, रविवार. ब्राऊन चॅपल चर्चमधून निघालेली सुमारे सहाशे कृष्णवर्णीय माणसं जोडीजोडीने पूल चढतायत. त्यांना मतदारयादीत नाव हवंय. पोलिसाच्या गोळीने गेलेल्या जिमी ली जॅक्सनसाठी राज्याची राजधानी माँटगोमेरीत जाब विचारायचाय.

पुढे फिक्या रेनकोटमध्ये, पाठीला पिशवी, ते मोर्चाचे एक नेते जॉन लुईस. वय 25. पिशवीत सफरचंद, संत्रं, टूथब्रश, दोन पुस्तकं. तुरुंगात रात्र काढावी लागणार, हे धरूनच निघालेत.

पलीकडे पोलिसांची भिंत. मागे फिरायला दोन मिनिटं मिळतात. तीही पुरी होऊ देत नाहीत.

(निवेदन थांबते. मूळ आवाज.)

पत्रकारांना पोलिसांनी रस्त्याकडेला अडवून ठेवलं होतं, म्हणून चित्रीकरण लांबून झालंय. अश्रुधुरात लाठी उगारलेली दिसते, कुणावर पडली ते दिसत नाही. या बेशुद्ध पडलेल्या, मोर्चातल्या अमेलिया बॉइंटन.

तेव्हा हे थेट दाखवायची सोय नव्हती. फिल्मचे डबे गाडीने विमानतळावर, तिथून विमानाने न्यूयॉर्कला. मग फिल्म धुवायची, कापायची, जोडायची. एकेका डब्यासाठी धावपळ.

रात्री साडेनऊच्या सुमारास एबीसी वाहिनीवर न्यूरेंबर्ग खटल्यावरचा चित्रपट चालू होता. नाझींच्या गुन्ह्यांबद्दल ‘आम्हाला ठाऊकच नव्हतं’ म्हणणारे जर्मन पडद्यावर होते. चित्रपट मध्येच थांबवला, आणि सेल्मा सुरू झालं. जवळपास पंधरा मिनिटं. बघणारे सुमारे 4 कोटी 80 लाख.

सेल्मात काळ्या माणसाला मार बसणं नवं नव्हतं. नवा होता तो बैठकीच्या खोलीतला खोका. 1950 मध्ये शंभरातल्या जेमतेम नऊ घरांत असलेला टीव्ही आता नव्वदहून अधिक घरांत होता. वर्तमानपत्राचं पान उलटता येतं. इथे सोफ्यावर बसलेल्या माणसाच्या कानात किंकाळी शिरली.

मंगळवार, 9 मार्च. तोच पूल. आज रांगेत गोरे चेहरेही आहेत. किती पाद्री आहेत बघा. रब्बीही आलेत. देशाच्या कुठल्या कुठल्या टोकांहून, हाती लागली ती बॅग उचलून आलेली माणसं.

पुढच्याच सोमवारी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन टीव्हीसमोर संसदेत बोलले. 6 ऑगस्टला मतदान हक्क कायद्यावर त्यांची सही झाली.

(पुलावरची रांग. आवाज तसाच चालू.)