दोनदा शिपाई

मित्रहो, मराठीत ‘शिपाई’ हा शब्द मोठा गमतीचा आहे. सीमेवर बंदूक घेऊन उभा असतो तो शिपाई आणि साहेबाच्या दाराबाहेर स्टुलावर बसतो, फाईल या टेबलावरून त्या टेबलावर नेतो, तोही शिपाईच. पहिल्यासाठी आपण टाळ्या वाजवतो आणि दुसऱ्याला चहा आणायला पाठवतो. आज मी ज्या माणसाबद्दल बोलणार आहे, तो दोन्ही अर्थांनी शिपाई होता. आधी लढाईतला, शेवटी कचेरीतला. आणि मधली बत्तीस वर्षं पोस्टमन. विल्यम हार्वी कार्नी त्याचं नाव.

जन्म २९ फेब्रुवारी १८४०, अमेरिकेत, व्हर्जिनिया राज्यातल्या नॉरफोक गावी. जन्मतः गुलाम. गुलामाला अक्षर शिकवणं तिथे कायद्याने गुन्हा. तरी चौदाव्या वर्षी हा मुलगा एका पाद्र्याने गुपचूप चालवलेल्या शाळेत लिहाय-वाचायला शिकला. पुढे कुटुंब उत्तरेला, मॅसॅच्युसेट्समधल्या न्यू बेडफर्ड या बंदरात येऊन राहिलं. देवमाशांच्या शिकारीवर जगणारं हे गाव. दक्षिणेतून निसटलेल्या माणसाला तिथे काम मिळे आणि फारसे प्रश्न विचारले जात नसत. पुढे गुलामगिरीविरुद्ध बोलणारा नामांकित वक्ता झालेला फ्रेडरिक डग्लससुद्धा गुलामीतून पळून आल्यावर आधी तिथेच राहिला होता. कार्नीच्या मनात पाद्री व्हायचं होतं. त्याने स्वतःच लिहून ठेवलंय की देशाची हाक आली तेव्हा त्याला वाटलं, देवाची सेवा करायची तर देशाची आणि आपल्या पिचलेल्या भावांची सेवा करणं हीच उत्तम. शेवटी एवढंच लिहितो : थोडक्यात काय, मी भरती झालो.

तो भरती झाला त्या पलटणीचं नाव ‘५४वी मॅसॅच्युसेट्स व्हॉलंटिअर इन्फन्ट्री’, म्हणजे स्वयंसेवकांचं पायदळ. आता हे काय प्रकरण? स्वयंसेवक म्हटलं की आपल्याला गणपतीच्या मिरवणुकीत बिल्ला लावून, शिट्टी फुंकत दोरी धरणारा मुलगा आठवतो. तिथला प्रकार वेगळा. अमेरिकेचं कायमचं लष्कर तेव्हा अगदी लहान होतं. १८६१ मध्ये गुलामगिरी टिकवू पाहणारी, फुटून निघालेली दक्षिणेची राज्यं आणि उत्तरेची राज्यं यांच्यात यादवी पेटल्यावर एकेका राज्याने आपापल्या पलटणी उभारल्या. त्यांना क्रमांक दिले आणि ठरावीक मुदतीसाठी स्वखुशीने नाव नोंदवणारे लोक त्यांत घेतले. पगार होता, गणवेश होता, गोळीही होती. पण काळ्या माणसाला सुरुवातीची दोन वर्षं या स्वखुशीचाही हक्क नव्हता. १ जानेवारी १८६३ला लिंकनचा मुक्तीचा जाहीरनामा निघाला आणि मग दार उघडलं. मॅसॅच्युसेट्सचे गव्हर्नर जॉन अँड्र्यू यांनी ५४वी पलटण उभी केली. शिपाई काळे, अधिकारी गोरे. कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ, वय पंचवीस. न्यू बेडफर्डची बहुतेक पोरं ‘सी’ कंपनीत गेली, त्यांत कार्नी. डग्लसचे दोन मुलगेही याच पलटणीत होते.

ही पोरं कशावर नाव घालत होती ते लक्षात घ्या. दक्षिणेच्या सरकारने सांगून टाकलं होतं की काळा सैनिक पकडला गेला तर तो युद्धकैदी नाही. त्याला पुन्हा गुलाम करू, नाहीतर फासावर देऊ. त्यांच्यापुढे शरणागतीची वाटच ठेवलेली नव्हती.

जुलै १८६३. दक्षिण कॅरोलायनातल्या चार्ल्सटन बंदराच्या तोंडावर मॉरिस नावाचं वाळूचं बेट, त्यावर फोर्ट वॅग्नर. किल्ला म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढे लगेच रायगड येतो, तसा हा नव्हता. वाळू आणि ताडासारख्या झाडांचे ओंडके रचून केलेला तट. तोफेचा गोळा दगडी भिंत फोडतो, वाळू त्याला नुसती गिळून टाकते. म्हणून १८ जुलैला जहाजांवरून आणि जमिनीवरून दिवसभर मारा होऊनही आतली शिबंदी जवळजवळ शाबूत राहिली. उत्तरेच्या सेनापतींना मात्र वाटलं, काम झालं.

संध्याकाळी हल्ल्याच्या तोंडी ५४वी पलटण. सुमारे सहाशे माणसं, दोन दिवसांची न झोपलेली, धड न जेवलेली. एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला दलदल आणि मधे किल्ल्याकडे जाताना अरुंद होत जाणारी वाळूची पट्टी. गर्दीच्या वेळी दादरचा जिना जसा आवळतो तशी ती पलटण त्या पट्टीत आवळली गेली आणि नेमक्या तिथेच तटावरच्या बंदुका सुरू झाल्या.

झेंडेवाल्याला गोळी लागली. कार्नीने हातातली बंदूक टाकली आणि झेंडा घेतला.

इथे जरा थांबतो, कारण आपल्याकडे हा प्रसंग सांगताना लोक एकदम भावुक होतात आणि मुद्दा निसटतो. त्या काळी झेंडा ही नुसती मानाची वस्तू नव्हती. बंदुकीच्या दारूचा धूर इतका दाट की दहा पावलांवरचं दिसत नाही, आवाज इतका की हुकूम ऐकू येत नाही. आपली पलटण कुठे आहे, पुढे सरकते आहे की मागे, हे शिपायाला एकाच गोष्टीवरून कळायचं : झेंडा कुठे आहे. म्हणून शत्रू पहिला नेम झेंडेवाल्यावर धरायचा. आणि झेंडेवाल्याच्या हातात उलट मारायला काही नसायचं. बंदूक टाकून झेंडा घेणं म्हणजे सगळ्यात मोठं लक्ष्य स्वतः होणं.

कार्नी तटापर्यंत पोचला. झेंडा उतारावर रोवून, त्याच उताराला अंग चिकटवून पडून राहिला. त्याच्या स्वतःच्या सांगण्यानुसार अर्धा तास. कर्नल शॉ तटावरच पडला होता. मग अंधारात एक तुकडी येताना दिसली. आपलीच वाटली, जवळ आल्यावर कळलं की शत्रूची. कार्नीने झेंडा काठीला गुंडाळला आणि खंदकाच्या पाण्यातून मागे पळत सुटला. पायाला, कमरेला, छातीत, हातात गोळ्या, डोक्याला एक चाटून गेलेली. वाटेत शंभराव्या न्यूयॉर्क पलटणीचा एक शिपाई भेटला. तो म्हणाला, झेंडा माझ्याकडे दे, मी नेतो. हा म्हणाला, ५४च्या माणसाशिवाय हा कोणी न्यायचा नाही. रुग्णतळावर पोचल्यावर सोबत्यांना त्याने सांगितलं, “पोरांनो, मी माझं काम केलं. झेंडा जमिनीला टेकला नाही.”

सहाशेतली अडीचशेच्या वर माणसं मेली, जखमी झाली किंवा सापडली नाहीत. किल्ला त्या रात्री पडला नाही. सप्टेंबरात वेढ्याला कंटाळून शत्रू आपणहून निघून गेला. अपमान म्हणून शॉला त्याच्या शिपायांबरोबर एकाच खड्ड्यात पुरलं. त्याच्या वडिलांनी कळवलं, तिथून त्याला हलवू नका.

इथवरची गोष्ट सगळे सांगतात. मला रस आहे तो पगाराच्या गोष्टीत.

भरतीच्या वेळी कबूल केलं होतं, गोऱ्या शिपायाइतकाच पगार, महिना १३ डॉलर. प्रत्यक्षात पुढे केले १० आणि त्यातून कपड्यांचे ३ कापून हातात ७. गोऱ्या सार्जंटला १७ मिळत. काळा सार्जंट झाला तरी त्याला तेच ७. कार्नी सार्जंट होता. यावर ५४व्या पलटणीने काय केलं? पगारच नाकारला. लढाया सोडल्या नाहीत, पहारे सोडले नाहीत, फक्त पैशाला हात लावला नाही. मॅसॅच्युसेट्स सरकार म्हणालं, वरचा फरक आम्ही भरतो. तेही नको म्हणाले. प्रश्न सहा डॉलरचा असता तर तिथेच मिटला असता. घरी बायकापोरं उपाशी, पत्रांवर पत्रं येताहेत आणि ही माणसं महिन्यामागून महिने बिनपगारी लढताहेत. दुसऱ्या एका काळ्या पलटणीतल्या विल्यम वॉकर नावाच्या सार्जंटने याच कारणासाठी आपल्या माणसांना शस्त्रं खाली ठेवायला लावली, तर १८६४च्या सुरुवातीला त्याला बंडखोर ठरवून गोळ्या घातल्या.

जून १८६४मध्ये काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, समान पगार मान्य केला, पण मेख मारून : १९ एप्रिल १८६१ला जो स्वतंत्र होता त्यालाच मागची पूर्ण बाकी. मग जो तेव्हा गुलाम होता त्याने काय करायचं? ५४चे नवे कर्नल हॅलोवेल यांनी शपथेचा मजकूर असा केला की त्या तारखेला कोणासाठी फुकट राबण्याचं देणं मी लागत नव्हतो, एवढंच शिपायाने म्हणायचं. गुलामही ही शपथ छातीठोकपणे घेऊ शकत होता, कारण मालकासाठी फुकट राबला तरी ते देणं काही तो लागत नव्हता. असा मजकूर आमच्या तालुका कचेरीतल्या कारकुनालाही सुचला नसता! सप्टेंबरअखेर पलटणीच्या हातात पैसे पडले. कार्नी तोवर तिथे नव्हता. जखमांमुळे ३० जूनलाच त्याला सेवेतून मोकळं केलं होतं.

मग न्यू बेडफर्ड. लग्न, रस्त्यावरच्या दिव्यांची नोकरी, थोडे दिवस कॅलिफोर्निया आणि १८६९पासून टपाल वाटणं. जखमी पायाने बत्तीस वर्षं दारोदार. १८७३मध्ये आपल्या पुण्यात जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ छापलं आणि काळ्या गुलामांच्या मुक्तीसाठी अमेरिकेतल्या ज्या सदाचारी लोकांनी निःस्वार्थपणे झीज सोसली, त्यांना ते अर्पण केलं. त्या वर्षी कार्नी पोस्टाची पिशवी घेऊन फिरत होता. ती अर्पणपत्रिका वाचली की मला ते सदाचारी लोक म्हणजे कोणी मोठे गोरे गृहस्थ दिसत नाहीत. लंगडत चालणारा हा पोस्टमन दिसतो. जोतीरावांनाही त्यात वावगं वाटलं नसतं, असं आपलं माझं मत.

१८९७मध्ये बोस्टनला शॉ आणि ५४व्या पलटणीचं स्मारक झालं, तेव्हा कार्नीच्या हातात झेंडा होता आणि लोक उठून उभे राहिले. मेडल ऑफ ऑनर, म्हणजे अमेरिकेचं सर्वोच्च शौर्यपदक, मिळालं ते २३ मे १९००ला. लढाईनंतर जवळजवळ सदतीस वर्षांनी. काळ्या सैनिकांना हे पदक त्याआधीही मिळालेलं होतं, पण ज्यांना मिळालं त्या सगळ्यांत कार्नीची कामगिरी सर्वांत आधीची. गंमत पाहा, हा माणूस २९ फेब्रुवारीचा आणि १९०० साली २९ फेब्रुवारी आलीच नाही, ते लीप वर्ष नव्हतं.

पोस्टातून निवृत्त झाल्यावर तो बोस्टनच्या राज्य सचिवालयात निरोप्या म्हणून लागला. म्हणजे शिपाई. पदकविजेता, साठी उलटलेला, कागद इकडून तिकडे नेणारा. इमारतीतून बाहेर पडलं की रस्त्यापलीकडेच ते स्मारक. कितीदा त्याने तो रस्ता ओलांडला असेल! १९०८च्या अखेरीस त्याच इमारतीच्या लिफ्टमध्ये त्याचा पाय सापडला. ९ डिसेंबरला तो गेला. सचिवालयावरचा झेंडा अर्ध्यावर उतरवला गेला. न्यू बेडफर्डच्या ओक ग्रोव्ह दफनभूमीतल्या त्याच्या पांढऱ्या दगडावर सोनेरी पदक कोरलेलं आहे. पोस्टाच्या पिशवीची खूण कोणी कोरली नाही.